काराव्हाज्जोची सहा चित्रे रोममध्ये कशी पाहावीत

ज्या भिंतींसाठी ती काढली गेली त्याच भिंतींवर काराव्हाज्जोची सहा मोठी चित्रे रोममध्ये आजही आहेत. सान लुईजी देई फ्रांचेझी या चर्चमध्ये तीन, सांता मारिया देल पोपोलोमध्ये दोन आणि सांत आगोस्तिनोमध्ये एक. तिन्ही ठिकाणी तिकीट लागत नाही आणि तिन्ही एका दिवसात, पायी, घाई न करता पाहून होतात. तरीही येथे येणाऱ्यांपैकी बहुतेक जण दिवा लागलेला असेल तेवढा वेळ उभे राहतात, मोबाइलवर छायाचित्र घेतात आणि पुढच्या ठिकाणाकडे निघतात. यात त्यांचा दोष थोडाच आहे. ही चित्रे काळोखी आहेत, बाजूच्या भिंतींवर आहेत, त्यांच्यासमोर सरळ उभे राहता येत नाही आणि मध्ये कठडा असतो. संग्रहालयात चित्र पाहण्याची जी सवय आपल्याला लागलेली असते, ती येथे उपयोगी पडत नाही. येथे दोन प्रश्न सतत विचारावे लागतात : चित्रातला प्रकाश कोठून येतो आहे, आणि आपण कोठे उभे आहोत? पुढे सुचवलेला सगळा क्रम या दोन प्रश्नांभोवती बेतलेला आहे.

निघण्यापूर्वीची तयारी

चित्रकाराच्या चरित्राची माहिती थोडीच असावी, असे मी मुद्दाम सुचवेन. मिकेलांजेलो मेरीझी हे त्याचे नाव. जन्म १५७१ चा, मिलानचा. काराव्हाज्जो हे त्याच्या घराण्याचे गाव, तेच पुढे त्याचे नाव झाले. मिलानमध्ये सिमोने पेतेर्झानो या चित्रकाराकडे उमेदवारी करून तो रोमला आला, काही काळ ज्युझेप्पे चेझारी याच्या चित्रशाळेत राबला, आणि नंतर कार्डिनल देल मोंते यांनी त्याला आपल्या वाड्यात ठेवून घेतले. आज इटलीचे सिनेट भरते तो हाच पालात्सो मादामा, आणि तो सान लुईजीच्या अगदी शेजारी आहे. १६०६ मध्ये त्याच्या हातून एका माणसाचा खून झाला, तो रोममधून पळाला आणि १६१० मध्ये पोर्तो एर्कोले येथे वारला, ही कथा प्रत्येक वाटाड्या सर्वांत आधी सांगतो. ती खरी आहे. पण ती एकदा डोक्यात बसली की चित्रातल्या प्रत्येक सावलीत आपल्याला खुनी माणूस दिसू लागतो. या सहाही चित्रांचे काम त्या घटनेच्या आधीचे आहे, म्हणून ती कथा संध्याकाळपर्यंत बाजूला ठेवावी.

चित्रांच्या कथा मात्र वाचूनच जावे. मराठी बायबलमध्ये मत्तयाच्या शुभवर्तमानाचा नववा अध्याय आणि प्रेषितांच्या कृत्यांचा नववा अध्याय वाचायला अर्धा तास पुरतो. पहिल्यात जकातनाक्यावर बसलेल्या मत्तयाला येशू ‘माझ्यामागे ये’ एवढेच म्हणतो आणि तो उठून निघतो. दुसऱ्यात ख्रिस्ती लोकांचा छळ करायला दिमिष्काकडे निघालेला शौल वाटेत प्रकाशाने दिपून खाली पडतो आणि पुढे पौल होतो. येशूचा शिष्य पेत्र याला त्याच्याच इच्छेवरून उलटे क्रुसावर चढवले आणि मत्तयाला इथिओपियात वेदीपाशीच ठार केले, या दोन गोष्टी बायबलमध्ये नाहीत. त्या चर्चच्या परंपरेतून आलेल्या आहेत. सहाव्या चित्रामागची लोरेतोची आख्यायिका त्या चित्रापाशीच सांगणे सोयीचे होईल.

ज्यांनी जुन्या गोव्यातील चर्च पाहिली आहेत, त्यांना इमारतीची रचना समजावून सांगायला नको. समोर मुख्य वेदी, दोन्ही बाजूंना ओळीने लहान कपेले, प्रत्येकाची वेगळी वेदी आणि बहुधा वेगळा देणगीदार. गोव्यातील बॉम जेझुस चर्चचे बांधकाम १५९४ मध्ये सुरू झाले आणि १६०५ मध्ये ते उपासनेसाठी अर्पण झाले. म्हणजे आपण पाहणार आहोत ती चित्रे आणि ते चर्च एकाच काळातले आहे.

घरी दोन प्रयोग करून पाहावेत. रात्री खोलीतले सगळे दिवे बंद करून एकच दिवा उंचावर, एका बाजूला ठेवावा आणि घरातल्या कोणाला तरी त्याच्या उजेडात टेबलाशी बसवावे. चेहऱ्याची एक बाजू, नाकाचा शेंडा, मनगट, कागदाची कड एवढेच उजळते आणि बाकीचे शरीर मागच्या अंधारात मिसळून जाते. डोळा त्या अंधाराला सरावायला किती वेळ लागतो, तेही घड्याळ लावून पाहावे, कारण चर्चमध्येही तेवढाच वेळ लागणार आहे. दुसरा प्रयोग फूटपट्टीचा. सान लुईजीमधील ‘मत्तयाला बोलावणे’ हे चित्र ३२२ सेंटिमीटर उंच आणि ३४० सेंटिमीटर रुंद आहे, म्हणजे सुमारे साडेदहा फूट बाय अकरा फूट. आपल्याकडच्या फ्लॅटमधल्या खोलीची एक अख्खी भिंत ते व्यापेल, किंबहुना छताला लागेल. मोबाइलच्या पडद्यावर हे चित्र कितीही वेळा पाहिले तरी त्यातली माणसे जवळपास आपल्याएवढी आहेत, हे कळत नाही. शिवाय पडदा आतून उजळलेला असल्यामुळे त्यावरचा काळा रंग खऱ्या काळ्यासारखा वागत नाही. प्रवासाच्या आधीचे आठ दिवस ही चित्रे पडद्यावर मुळीच पाहू नयेत, हे उत्तम.

सोबत लहान दुर्बीण, खांदे झाकायला ओढणी किंवा सदरा आणि युरोची सुटी नाणी असावीत. कपेलातला दिवा अनेकदा नाणे टाकल्यावर लागतो आणि मिनिट-दोन मिनिटांत विझतो. रोममधील पुष्कळ चर्च दुपारी काही तास बंद असतात, आणि प्रार्थना चालू असताना चित्रे पाहत फिरणे योग्य नाही. म्हणून आदल्या दिवशी दारावरच्या वेळा पाहून ठेवाव्यात. फ्लॅश कोठेही वापरू नये.

सकाळ : आधी राफाएल

दिवसाची सुरुवात काराव्हाज्जोपासून करू नये. पियात्सा नाव्होनाजवळच्या सांत आगोस्तिनोमध्ये शिरावे आणि डाव्या हाताच्या पहिल्या कपेलाकडे, मोह झाला तरी, पाहू नये. तेथले चित्र संध्याकाळसाठी आहे. सरळ पुढे जाऊन डावीकडच्या तिसऱ्या खांबावर वर पाहावे. तेथे राफाएलने सुमारे १५१२ मध्ये रंगवलेला यशया संदेष्टा बसलेला आहे. त्याच सुमारास मायकेलअँजेलो सिस्टीन कपेलाचे छत पुरे करत होता, आणि या यशयाची भरदार मांडी, वळलेले धड, उघडा गुडघा पाहिला की राफाएलने ते छत पाहिले होते याची खात्री पटते. या चित्राची एक गोष्ट सांगितली जाते : चित्र करवून घेणाऱ्याने किंमत जास्त वाटते अशी तक्रार केली, तेव्हा मायकेलअँजेलोने उत्तर दिले की नुसता गुडघाच तेवढ्या किमतीचा आहे. गोष्ट खरी असो वा नसो, गुडघा दुर्बिणीतून पाहून घ्यावा.

हे भित्तिचित्र आहे. ओल्या चुन्याच्या गिलाव्यावर, तो वाळण्यापूर्वी, पाण्यात कालवलेल्या रंगांनी ते काढावे लागते. एका दिवसात जेवढे रंगवून होईल तेवढाच गिलावा त्या दिवशी करायचा असतो. त्यामुळे सगळे आधीच ठरलेले असावे लागते, पूर्ण आकाराची रेखाटने तयार असावी लागतात आणि नंतर फेरफाराला फारसा वाव राहत नाही. पाहताना लक्ष द्यावे ते प्रकाशाकडे. यशयाच्या अंगावर उजेड सगळीकडे पोहोचतो, सावल्यांतही रंग दिसतो, बाह्यरेषा कोठेही तुटत नाही. प्रकाशाचे काम येथे आकार नीट समजावून देणे एवढेच आहे; तो कोठल्या खिडकीतून आला असा प्रश्न मनात येतच नाही. प्रबोधनकाळातल्या चित्रकारांनी शंभर वर्षे खपून जे मिळवले होते, म्हणजे शरीराची अचूक बांधणी, यथादर्शन आणि शांत तोल, ते सगळे या एका आकृतीत आहे. दहा मिनिटे पाहून, डोळ्यांत तो सम उजेड घेऊन बाहेर पडावे.

सान लुईजी देई फ्रांचेझी

तेथून सान लुईजी दोन-तीन मिनिटांच्या अंतरावर आहे. हे रोममधल्या फ्रेंच लोकांचे चर्च. आत गेल्यावर डाव्या बाजूने वेदीच्या दिशेने चालत राहावे. शेवटचे, पाचवे कपेल कोंतारेल्ली यांचे. गर्दी दिसतेच, विचारावे लागत नाही. मात्यू क्वांत्रेल ऊर्फ मात्तेओ कोंतारेल्ली हे फ्रेंच कार्डिनल १५८५ मध्ये वारले आणि आपल्या नावाच्या संताचे, म्हणजे मत्तयाचे, जीवन येथे चितारावे यासाठी पैसे ठेवून गेले. छताची भित्तिचित्रे ज्युझेप्पे चेझारीने केली, म्हणजे ज्याच्याकडे काराव्हाज्जो राबत होता त्यानेच. मान वर करून ती एकदा पाहून घ्यावीत. भिंती मात्र वर्षानुवर्षे रिकाम्या राहिल्या. शेवटी जुलै १५९९ मध्ये दोन बाजूंच्या चित्रांचे काम चारशे स्कुदींना (स्कुदी हे तेव्हाचे रोममधले नाणे) काराव्हाज्जोला मिळाले. एवढे मोठे सार्वजनिक काम त्याने त्याआधी केलेले नव्हते. त्याने भित्तिचित्र न काढता कॅनव्हासवर तैलरंगांत रंगवून चित्रे भिंतींवर बसवली आणि वर्षभरात काम पुरे केले.

दिवा विझलेला असताना जाता आले तर फार चांगले. कठड्यापाशी पोहोचल्यावर नाणे टाकू नये. दुसऱ्या कोणी टाकले तर तो विझेपर्यंत डोळे खाली ठेवून थांबावे. प्रथम चित्रांकडे न पाहता वेदीच्या वरच्या अर्धगोलाकार खिडकीकडे पाहावे. मग डाव्या भिंतीकडे मान वळवावी. ‘मत्तयाला बोलावणे’ या चित्रात उजेड उजवीकडून, वरून, तिरपा येतो. म्हणजे खऱ्या खिडकीच्या बाजूने. आता उजव्या भिंतीकडे वळावे. ‘मत्तयाचे हौतात्म्य’ या चित्रात उजेड डावीकडून येतो. म्हणजे पुन्हा त्याच खिडकीच्या बाजूने. समोरासमोरच्या दोन चित्रांत प्रकाशाच्या दिशा उलट्या आहेत आणि त्या दोन्ही आपण उभे आहोत त्या जागेतल्या एकाच खिडकीशी जुळतात. छापील पुस्तकात ही चित्रे शेजारी शेजारी ठेवली की ही गोष्ट हरवते. ती कळावी म्हणून तरी कपेलात यावे लागते.

यानंतर नाणे टाकावे आणि दिव्याच्या प्रत्येक फेरीत एकच गोष्ट पाहावी. पहिल्या फेरीत डाव्या चित्रातली खिडकी. चित्राच्या वरच्या भागात एक खिडकी रंगवलेली आहे, पण तिच्यातून उजेड येत नाही. तिच्या तावदानांना काचेऐवजी तेलकट कागद लावल्यासारखा दिसतो. उजेड आपल्याला न दिसणाऱ्या जागेतून, येशूच्या डोक्यावरून येतो आणि भिंतीवर एक तिरपी कड उमटवतो. दुसऱ्या फेरीत हात. येशूचा पुढे आलेला हात सैल आहे, मनगटात किंचित वाकलेला. सिस्टीन छतावर देवाच्या हाताकडे पुढे झालेल्या आदामाच्या हाताशी तो ताडून पाहिला तर दोन्ही एकच आहेत, इतके साम्य दिसते. हुकूम करणाऱ्या देवाचा हात जवळच उपलब्ध असताना काराव्हाज्जोने माणसाचा हात उचलला, ही निवड थांबून विचार करण्यासारखी आहे. त्या हाताखाली पेत्राचा हात त्याचीच अडखळती नक्कल करतो. पेत्र येथे नंतर घातलेला आहे, आणि त्यामुळे येशूचे बहुतेक शरीर झाकले जाऊन चेहरा आणि हातच उरले.

तिसऱ्या फेरीत पाय आणि कपडे. टेबलाभोवतीची मंडळी १६०० सालच्या रोमन पोशाखात आहेत, पिसांच्या टोप्या, रेशमी बाह्या, कमरेला तलवार. येशू आणि पेत्र मात्र जुन्या काळच्या वस्त्रांत आणि अनवाणी. येशूचा चेहरा टेबलाकडे आहे, पण पावले वळलेली आहेत, जणू बोलावून तो निघालासुद्धा. डोक्यावरचे तेजोवलय दुर्बिणीशिवाय सहज दिसत नाही, इतके बारीक आहे.

आता वादाचा प्रश्न : मत्तय कोणता? मधला दाढीवाला स्वतःकडे बोट दाखवून ‘मी?’ असे विचारतो आहे, असे पिढ्यान्‌पिढ्या मानले गेले. काही अभ्यासकांचे म्हणणे असे की ते बोट त्याच्या स्वतःकडे नसून टेबलाच्या टोकाशी मान खाली घालून नाणी मोजणाऱ्या तरुणाकडे आहे, आणि मत्तय तोच. त्याला अजून हाक ऐकू आलेली नाही. आपण बोटाची दिशा उभ्या जागेवरून पाहावी, मग कठड्याच्या दुसऱ्या टोकाला जाऊन पुन्हा पाहावी. मला स्वतःला दाढीवालाच मत्तय वाटतो, कारण उरलेल्या दोन चित्रांतला मत्तयही दाढीवाला आणि त्याच्या चेहरेपट्टीशी नाते सांगणारा आहे; पण तरुणाच्या बाजूचा युक्तिवाद एकदा ऐकला की तो डोक्यातून जात नाही, हेही कबूल करायला हवे.

उजवीकडचे ‘हौतात्म्य’ अवघड आहे, आणि माझ्या मते तेवढे जमलेलेही नाही. माणसे फार आहेत. मध्यभागी उजेडात झळकणारा उघडा देह संताचा नसून मारेकऱ्याचा आहे, हे कळायलाच क्षणभर लागतो. पडलेला मत्तय हात वर करतो. त्याला वाटते तो वार अडवतो आहे, पण ढगावरून वाकलेला देवदूत त्याच हातात हुतात्म्याची ताडाची फांदी देतो आहे. मागे, अंधारात, पळता पळता मान वळवून पाहणारा दाढीवाला हा खुद्द काराव्हाज्जो. त्याला शोधायला वेळ द्यावा. क्ष-किरण तपासणीत या चित्राखाली लहान आकृत्यांची दुसरीच मांडणी आढळली. ती मोडून त्याने पुन्हा सुरुवात केली होती. राफाएलच्या ओल्या गिलाव्यात असे करता येत नाही. काराव्हाज्जोची कागदावरची रेखाटने आजवर मिळालेली नाहीत. तो समोर जिवंत माणसे बसवून, कॅनव्हासवर दिलेल्या गडद अस्तरावर थेट रंगवत असे, आणि मांडणीच्या खुणेसाठी ओल्या अस्तरावर टोकदार वस्तूने चर ओढत असे. अस्तरच गडद असल्यामुळे अंधार आयता मिळतो; रंगवायचा असतो तो उजेड. पांढऱ्या अस्तरावर काम करणाऱ्या प्रबोधनकाळाच्या चित्रकारांच्या नेमके उलट.

वेदीवरचे चित्र १६०२ चे. त्याआधी एक चित्र त्याने दिले होते आणि ते नाकारले गेले. त्यात मत्तय उघड्या जाड पायांचा, अक्षरशत्रू शेतकऱ्यासारखा बसला होता आणि देवदूत त्याचा हात धरून अक्षरे गिरवून घेत होता. ते चित्र व्हिंचेंझो ज्युस्तिनियानी या श्रीमंत संग्राहकाने घेतले, पुढे ते बर्लिनला गेले आणि १९४५ मध्ये नष्ट झाले; आज त्याची केवळ कृष्णधवल छायाचित्रे उरली आहेत. दुसऱ्या चित्रातला मत्तय अधिक भारदस्त आहे, पण त्याचा गुडघा ज्या बाकड्यावर टेकला आहे त्या बाकड्याचा एक पाय चौथऱ्याच्या कडेबाहेर आला आहे. बाकडे आता कलंडेल, असे वाटते. वेदीसमोर गुडघे टेकलेल्या पाद्रीच्या डोक्यावरच ते पडले असते. तक्रार करणाऱ्यांना शांत करूनही या चित्रकाराने आपली खोडी सोडली नाही, असे मला तो पाय पाहून नेहमी वाटते.

या कपेलात तासभर घालवावा. निघताना, डोळ्यांना विसावा म्हणून, उजव्या बाजूच्या दुसऱ्या कपेलातली डोमेनिकीनोची संत सेसिलियाची भित्तिचित्रे पाहावीत. तेथे पुन्हा सकाळचा, राफाएलचा उजेड भेटतो.

दुपार : सांता मारिया देल पोपोलो

दुपारच्या बंद वेळेत जेवून घ्यावे. याच वेळी बोर्गेझे संग्रहालयातली काराव्हाज्जोची आणखी सहा चित्रे किंवा व्हॅटिकनमधले ‘ख्रिस्ताचे दफन’ याच दिवशी उरकण्याचा मोह होतो, तो टाळावा. बोर्गेझेला आगाऊ नोंदणी करावी लागते आणि तेथे दोन तासांची वेळ बांधलेली असते. त्याला वेगळा दिवस हवा.

सान लुईजीजवळून निघणारी व्हिया देल्ला स्क्रोफा पुढे व्हिया दी रिपेत्ता होते आणि सरळ पियात्सा देल पोपोलोला पोहोचते. रमतगमत चालले तर वीस-पंचवीस मिनिटे. हा सगळा काराव्हाज्जोचा वावर असलेला भाग. वाटेत व्हिकोलो देल दिव्हीनो आमोरे ही गल्ली लागते, तेव्हा तिचे नाव सान ब्याज्यो होते. १६०५ मध्ये तेथल्या भाड्याच्या घरातले त्याचे सामान घरमालकिणीने जप्त करविले. त्या सामानाच्या यादीत आरसे आहेत.

चर्चमध्ये शिरल्यावर डावीकडे राफाएलने आखलेले किजी कपेल लागते. त्यात बेर्नीनीची दोन शिल्पे आहेत. वेळ असेल तर तेही पाहावे, पण परतताना. आधी मुख्य वेदीच्या लगत डावीकडचे चेराझी कपेल गाठावे. तिबेरियो चेराझी हे पोपच्या कोषागाराचे प्रमुख. सप्टेंबर १६०० मध्ये त्यांनी दोन बाजूंच्या भिंती काराव्हाज्जोला दिल्या आणि वेदीवरचे चित्र आन्नीबाले काराच्चीला. रोममधले त्या घडीचे दोन सर्वांत मोठे चित्रकार एका चिंचोळ्या खोलीत आणून ठेवले, एवढे एक काम करून चेराझी १६०१ मध्ये वारले. काराव्हाज्जोने ही चित्रे प्रथम सायप्रेस झाडाच्या लाकडी फळ्यांवर काढली होती. भिंतीवर आहेत ती कॅनव्हासवरची दुसरी आवृत्ती होय.

येथे प्रथम समोर पाहावे. काराच्चीची मरीया हात पसरून कबरीतून स्वर्गाकडे उसळते आहे, आणि रंग निळे, लाल, लख्ख. सकाळी यशया पाहिला नसता तर हे चित्र गोड-गोड वाटून डावलले गेले असते. आता त्यातला राफाएल ओळखू येतो. बहुतेक प्रेक्षक त्याच्याकडे पाहतही नाहीत, याचे मला वाईट वाटते. १६०३ मध्ये एका बदनामीच्या खटल्यात काराव्हाज्जोने जबानी दिली, तिच्यात उत्तम चित्रकारांची नावे घेताना काराच्चीचेही नाव आहे. आणि उत्तम चित्रकार म्हणजे काय, तर निसर्गातल्या वस्तूंचे चांगले अनुकरण करणारा, असे त्याने सांगितले.

मग कठड्याच्या डाव्या टोकाला उभे राहून उजव्या भिंतीकडे, आणि उजव्या टोकाला जाऊन डाव्या भिंतीकडे पाहावे. काराच्चीचे चित्र समोरून पाहण्यासाठी आहे; ही दोन मात्र तिरकी दिसणार हे जाणून बेतलेली आहेत. उजवीकडे शौल घोड्यावरून पडला आहे, त्याचे डोके आपल्याकडे, हात वर पसरलेले, डोळे मिटलेले. पुस्तकात समोरून छापलेल्या चित्रात घोडाच सगळी जागा खातो आणि शौल कोपऱ्यात चेपल्यासारखा वाटतो. कपेलाच्या तोंडाशी उभे राहिले की तो जवळजवळ आपल्या पायाशी येऊन पडतो. येशू येथे दिसत नाही, देवदूत नाहीत; म्हातारा मोतद्दार घोडा सांभाळतो आहे आणि त्याला काही घडल्याचा पत्ताच नाही. प्रकाश कोठून येतो हे येथे सांगत नाही. सान लुईजीत केले तसे आधी चित्रातल्या सावल्या पाहाव्यात, मग दोन भिंतींची तुलना करावी आणि स्वतःच ठरवावे.

डावीकडे तीन मजूर पेत्राचा क्रूस उलटा उभा करत आहेत. त्यांच्या चेहऱ्यांपेक्षा पाठी, ताणलेले हात, आपल्याकडे वळलेले ढुंगण आणि मळके तळपाय दिसतात. एक दोर ओढतो, एक क्रुसाखाली पाठ लावतो. त्यांना राग नाही, क्रौर्यही नाही; वजन जड आहे, एवढेच. पेत्र थकलेला, पण शरीराने धडधाकट म्हातारा आहे आणि खिळा ठोकलेल्या हाताकडे डोळे वळवून पाहतो आहे. या चित्रात ओझे पाहावे. कोणाच्या अंगावर किती भार येतो आहे, हे एकेका हाताबरोबर मोजत गेले की चारही देहांनी मिळून केलेली फुली दिसू लागते.

संध्याकाळ : पुन्हा सांत आगोस्तिनो

आल्या वाटेने परत चालावे आणि सकाळी चुकवलेल्या, डावीकडच्या पहिल्या कपेलापाशी यावे. लोरेतोची आख्यायिका अशी : मरीयेचे नासरेथचे घर देवदूतांनी उचलून इटलीतल्या लोरेतोला आणले. म्हणून चित्रकार मरीयेला हवेत उडणाऱ्या घराच्या छपरावर बसवत. १६०४ ते १६०६ च्या दरम्यान काराव्हाज्जोने घराचा केवळ उंबरठा ठेवला. पोपडे उडालेली भिंत, दाराच्या चौकटीला टेकलेली, एक पाय दुसऱ्यावरून तिरका टाकलेली बाई, तिच्या कडेवर या वयात कडेवर घेऊ नये एवढे मोठे मूल, आणि समोर गुडघे टेकलेले दोन म्हातारे यात्रेकरू. यात्रेकरूंपैकी म्हातारीच्या डोक्यावरचे वस्त्र फाटके आहे. पुरुषाचे मळलेले, सुजलेले तळवे थेट आपल्याकडे आहेत. चित्र लागले तेव्हा सामान्य लोकांनी त्यावरून मोठा गलका केला, असे त्याचा समकालीन प्रतिस्पर्धी बाल्योने याने लिहून ठेवले आहे. तो गलका संतापाचा होता की कौतुकाचा, यावर अजून मतभेद आहेत. बाल्योनेला काराव्हाज्जोविषयी प्रेम नव्हते, हे वाचताना लक्षात ठेवावे.

दिवसभर पाहिलेल्या गोष्टी येथे एकेक करून ताडाव्यात. उजेड एका बाजूने येतो, पण सान लुईजीसारखा अंधार चिरत नाही. भिंतीवर आणि मरीयेच्या मानेवर तो मऊ पसरतो. चमत्कार दाखवणारे चिन्ह जवळजवळ नाहीच, तेजोवलयाची बारीक कडी तेवढी. मरीया खाली पाहते, यात्रेकरू वर पाहतात, आणि त्यांचे जोडलेले हात तिच्या जवळ पोहोचले आहेत, पण टेकलेले नाहीत.

आणि शेवटी उभे राहण्याची जागा. हे वेदीवरचे चित्र आहे; ते उभ्याने, कमरेवर हात ठेवून पाहणाऱ्यासाठी काढलेले नाही. कोणी प्रार्थना करत नसेल आणि कठड्यापाशी जागा असेल तर गुडघ्यांवर बसावे, किंवा निदान मागच्या बाकावर टेकावे. उभ्याने पाहताना ते तळवे चित्राच्या खालच्या कोपऱ्यातला एक तपशील असतात. खाली बसले की ते आपल्या डोळ्यांसमोर, पुढच्या रांगेतल्या माणसाचे असावेत तसे येतात, आणि त्यांच्यावरून वर पाहत गेल्यावर उंबरठ्यातली ती बाई पहिल्यांदा खरोखरच उंच दिसते.